चौघांची नाव

(भामरागड येथे झालेल्या स्मृतिव्याख्यानाचा मुद्रित मजकूर)



विषय तुम्हीच निवडा, असं आयोजकांनी मला सांगितलं. त्यांना वाटलं असावं की मी जंगल, वनहक्क नाहीतर शिक्षण यांवर बोलेन. भामरागडला बाहेरून येणारा बहुतेक प्रत्येक वक्ता त्यावरच बोलतो आणि तुमचं जगणं तुम्हालाच समजावून सांगून निघून जातो. तो उपद्व्याप मी करणार नाही. मी आज नावेवर बोलणार आहे. शर्यतीच्या नावेवर, आणि त्यातही एकट्यानं चालवायच्या नावेवर नाही; दोघांच्या, चौघांच्या नावेवर.

नाव तुम्हाला नवी नाही. पर्लकोटा, पामुलगौतम आणि इंद्रावती इथं एकत्र येतात. पर्लकोटेच्या जुन्या ठेंगण्या पुलावरून पाणी वाहू लागलं की भामरागड तुटतं, हे वर्षानुवर्षं चालत आलंय. पलीकडच्या तीरावरून बाजाराला येणारी माणसं डोंग्यातून येतात. एका बुंध्यातून कोरलेली ती नाव. बायका बुडाशी एका ओळीत बसतात, पोती मधोमध ठेवतात, आणि नाव काठाला लागेपर्यंत कुणी उगाच हलत नाही. उथळ पाण्यात बांबूचा रेटा, खोल पाण्यात वल्हं. डोंग्यात बसलेला माणूस स्वतःचं वजन स्वतः सांभाळतो आणि शेजारच्याचंही. हे मी तुम्हाला शिकवायची गरज नाही.

आता मी ज्याच्याविषयी बोलणार आहे त्याच्या गावात नदी नव्हती, डोंगा नव्हता, प्यायला पाणी टँकरनं यायचं. नाशिक जिल्ह्यातल्या चांदवड तालुक्यातलं तळेगाव रोही. दत्तू बबन भोकनळ तिथला. जन्म 1991 चा. वडील विहिरी खोदायचे आणि मुलगा त्यांच्या हाताखाली काम करायचा. शाळा सांभाळून त्यानं रात्री पेट्रोलपंपावरही काम केलं. वडील गेले, घराचा भार अंगावर आला, आणि 2012 मध्ये तो सैन्यात भरती झाला. पुण्यात त्याची उंची बघून प्रशिक्षकांनी त्याला रोइंगकडे वळवलं. एवढं पाणी एका जागी त्यानं तिथंच पहिल्यांदा पाहिलं. पाण्याची भीती होती ती मोडावी लागली.

ही कथा तुम्ही पेपरात वाचली असेल. विहीर, टँकर, पेट्रोलपंप आणि मग ऑलिंपिक. छापायला सोपी कथा आहे, म्हणून सगळ्यांनी छापली. पण मला तिच्यात एक उणीव दिसते. माणूस पाण्याबाहेर काय करत होता हे आपण चवीनं वाचलं. पाण्यात उतरल्यावर तो नेमकं काय करत होता, याची चौकशी फार थोड्यांनी केली. गरिबीचं वर्णन करायला आपण हुशार आहोत, कामाचं वर्णन करायला नाही.

पाण्यात काय झालं ते सांगतो. 2016 च्या एप्रिलमध्ये दक्षिण कोरियातल्या चुंगजूच्या पात्रता स्पर्धेतून तो ऑलिंपिकला पात्र ठरला. रिओत रोइंगमध्ये उतरलेला तो एकटाच भारतीय. प्रकार सिंगल स्कल्स : एक माणूस, दोन वल्ही, 2000 मीटर. पदकाच्या शर्यतीपर्यंत तो पोचला नाही. पण क्रमांक ठरवण्यासाठी खालच्या गटांच्याही अंतिम शर्यती होतात, त्यातली क गटाची शर्यत त्यानं 6 मिनिटं 54.96 सेकंदांत जिंकली. म्हणजे एकूण तेरावा. तळेगाव रोहीचा माणूस वल्हं हाती धरल्यापासून चार वर्षांत जगात तेरावा होतो, हे मला पदकाहून कमी वाटत नाही.

त्या शर्यती रिओतल्या लागोआ रॉड्रिगो दे फ्रेइतास या तलावावर झाल्या. दत्तूची शेवटची शर्यत झाल्यावर आठवड्याभरात त्याच तलावावर चार झेक माणसं एका कयाकमध्ये बसली. डॅनियल हावेल, लुकाश त्रेफिल, योसेफ दोस्ताल, यान श्टेर्बा. चौघांची कयाक, 1000 मीटर. त्यांना ब्राँझ मिळालं. चार वर्षांपूर्वी लंडनमध्ये याच चौघांनी, याच शर्यतीत, ब्राँझच मिळवलं होतं. लंडनची ती शर्यत तीन मिनिटांच्या आत संपली आणि सोनं ते ब्राँझ यांच्यातलं अंतर सेकंदाहूनही कमी होतं.

चार वर्षं. तीच चार माणसं. तेच ब्राँझ. आपल्याकडे असं घडलं असतं तर पहिला प्रश्न आला असता, ‘सुधारणा काय झाली?’ आणि दुसरा, ‘यांतला खरा चांगला कोण?’

दुसऱ्या प्रश्नाला उत्तर आहे, ते लपवण्यात अर्थ नाही. दोस्ताल. लंडनला तो एकोणीस वर्षांचा होता. रिओत त्यानं एकट्याच्या कयाकमध्ये 1000 मीटरला रौप्य घेतलं, तोक्योत राडेक श्लोउफबरोबर दोघांच्या कयाकमध्ये ब्राँझ, आणि 2024 मध्ये पॅरिसला एकट्यानं सुवर्ण. म्हणजे एकटा उतरला तरी जिंकणारा माणूस. मग असा माणूस दोन ऑलिंपिकमध्ये इतर तिघांबरोबर बसून काय करत होता? आणि त्रेफिल, हावेल, श्टेर्बा यांचं काय? एकट्याच्या शर्यतीतलं ऑलिंपिक पदक त्यांच्याकडे नाही. त्यांची अख्खी ऑलिंपिक कमाई ‘आम्ही चौघं’ या नावावर जमा आहे.

झेक देशाला समुद्र नाही. नद्या आहेत, आणि एल्बेकाठी राचित्से इथं शर्यतीसाठी खास खोदलेला सरळ जलमार्ग आहे. पण नावेचा नाद त्याहून जुना. 1936 च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये यान ब्रझाक-फेलिक्सनं दोघांच्या कॅनोत 1000 मीटरचं सुवर्ण जिंकलं, जोडीदार व्लादिमीर सिरोवात्का. कॅनो म्हणजे एका गुडघ्यावर बसून, एकाच बाजूला, एक पातं असलेलं वल्हं मारायची नाव. तुमच्या डोंग्याच्या ती कयाकपेक्षा जवळची. मग महायुद्ध झालं, दोन ऑलिंपिकं झालीच नाहीत. बारा वर्षांनी, 1948 ला लंडनमध्ये, तोच ब्रझाक त्याच प्रकारात पुन्हा सुवर्ण घेऊन गेला. जोडीदार बदललेला होता, बोहुमिल कुद्रना. 1952 ला हेलसिंकीत त्याच कुद्रनाबरोबर रौप्य. ब्रझाकची गोष्ट मला फार आवडते. मधे एक अख्खं युद्ध, दोन निराळे जोडीदार, आणि दोघांशीही हात जुळले. एकाशी जुळणं योगायोग असू शकतो.

जुळणं म्हणजे काय ते जरा जवळून पाहू. मुलांनो, इथं लक्ष द्या, कारण पुढचं सगळं यावर उभं आहे.

रोइंगच्या चौघांच्या नावेचं, क्वाड्रपल स्कल्सचं, वजन नियमानं किमान 52 किलो असतं. आत बसलेल्या चार माणसांचं वजन धरा साडेतीनशे किलोच्या आसपास. म्हणजे माणसं नावेच्या सहासात पट जड. आणि ही माणसं स्थिर बसत नाहीत. बैठकीला चाकं असतात, ती रुळांवरून मागेपुढे सरकते. वल्हं पाण्यात असताना पाय ताणून मागे रेटायचं, वल्हं पाण्याबाहेर काढल्यावर गुडघे दुमडत पुन्हा पुढे सरकायचं. रोइंगपटूची पाठ नाव ज्या दिशेला जाते त्या दिशेला असते, म्हणजे तो कुठं चाललाय हे त्याला दिसत नाही. आता कल्पना करा, ती हलकी नाव पुढे धावतेय आणि साडेतीनशे किलोचं ओझं तिच्या उलट दिशेला घरंगळतंय. चौघं एकाच क्षणी, एकाच वेगानं सरकले तर नाव धावत राहते. एक जण घाई करून आधी पोचला तर त्याच्या वजनाचा धक्का नावेला बसतो आणि ती अडखळते. त्याच्या दंडात कितीही ताकद असो, त्या क्षणी तो नावेचा ब्रेक झालेला असतो. आणि गंमत अशी की जितका तो ताकदवान, तितका ब्रेक मोठा.

नावेच्या शेपटाकडे बसणारा स्ट्रोक. लय तो ठरवतो, बाकी तिघं त्याच्या पाठीकडे बघत वल्ही मारतात. पुढच्या टोकाकडचा माणूस मधूनच मान वळवून नाव सरळ आहे का ते बघतो आणि आवाज देतो. मधल्या दोघांचं काम ऐकणं आणि जोर लावणं. कयाकमध्ये बैठक सरकत नाही. तोंड पुढे असतं, दोन्ही टोकांना पातं असलेलं वल्हं असतं आणि कमरेपासून धड वळवून डावी-उजवी पाती मारायची असतात. चौघांच्या कयाकमध्ये लय पुढचा ठरवतो. मागच्या तिघांना पाणी मिळतं ते पुढच्यांच्या पात्यांनी ढवळलेलं, तरी त्यातच पातं अचूक रोवावं लागतं. तुम्ही रेला नाचता तेव्हा एकमेकांच्या खांद्यांत हात गुंतवलेल्या ओळीत एकाचं पाऊल चुकलं तर धक्का ओळीच्या टोकापर्यंत जातो. तेच इथं, फक्त पाण्यात.

म्हणून ‘यांतला खरा चांगला कोण’ हा प्रश्न चौघांच्या नावेला लागू पडत नाही. एकट्याच्या नावेत वेगवान असलेली चार माणसं घेऊन आलात की वेगवान नाव तयार होत नाही. दोस्ताल तिघांबरोबर बसून काय करत होता, याचं उत्तर असं की तो आपली ताकद दुसऱ्याच्या वेळेवर लावत होता. त्याला तेही येत होतं.

आता पालेमबांग. 2018 च्या आशियाई खेळांतलं रोइंग इंडोनेशियातल्या या शहरात, जाकाबारिंगच्या तलावावर झालं. 23 ऑगस्टला दत्तू सिंगल स्कल्सच्या अंतिम शर्यतीत उतरला. तब्येत बिघडलेली होती. सहा जणांत शेवटचा आला, वेळ साडेआठ मिनिटांच्या घरात. रिओत सात मिनिटांच्या आत येणारा माणूस. त्या दिवशी भारतीय पथकाचं एकूणच काही धड झालं नाही.

दुसऱ्या दिवशी, 24 ऑगस्टला, क्वाड्रपल स्कल्सची अंतिम शर्यत. नावेत स्वर्ण सिंग, दत्तू भोकनळ, ओम प्रकाश आणि सुखमीत सिंग. चौघंही सैन्यातले. स्वर्ण आणि सुखमीत दोघंही पंजाबच्या मानसा जिल्ह्यातले. वेळ 6 मिनिटं 17.13 सेकंद, सुवर्ण. यजमान इंडोनेशिया तीन सेकंदांहून अधिक मागे, थायलंड तिसरा.

आदल्या दिवशी शेवटचा आलेला माणूस दुसऱ्या दिवशी सुवर्ण जिंकणाऱ्या नावेत होता, ही गोष्ट दोन तऱ्हांनी सांगता येते. पहिली तऱ्हा सिनेमाची : पराभवानं पेटून उठला वगैरे. ती मला पटत नाही. आजारी माणूस रात्रीतून पेटून उठत नसतो. दुसरी तऱ्हा अशी की चौघांच्या नावेत त्याला स्वतःची लय शोधायची नव्हती, ती त्याला समोरच्या पाठीवर दिसत होती. एकट्याच्या नावेत शरीर कुरकुरलं की तुम्ही आणि तुमचं शरीर एवढेच दोघं उरता. चौघांत तसं नसतं. त्या सकाळी तिघांनी त्याला ओढून नेलं असंही मी म्हणणार नाही, कारण ओढून न्यावा लागणारा माणूस बसवून तीन सेकंदांनी शर्यत जिंकता येत नाही. तो आपला वाटा उचलत होता.

या प्रकरणाला एक शेपूट आहे, ते सांगितलं पाहिजे. सिंगल स्कल्सची शर्यत मध्येच सोडल्याचा ठपका ठेवून रोइंग महासंघानं 2019 मध्ये दत्तूवर दोन वर्षांची बंदी घातली. 2020 च्या जानेवारीत ती उठवली गेली आणि त्याच वर्षी त्याला अर्जुन पुरस्कार मिळाला. बंदी आली ती एकट्याच्या शर्यतीवरून, हे ध्यानात घ्या. एकट्याच्या नावेत सगळा हिशेब एकाच नावावर लिहिला जातो, यशाचा आणि अपयशाचाही.

आणि चौघांच्या नावेचा हिशेब कुणाच्या नावावर? खरं सांगू का, बहुतेक वेळा कुणाच्याच नाही. 2023 च्या हांगझोऊ आशियाई खेळांत भारतानं रोइंगमध्ये पाच पदकं मिळवली, दोन रौप्य आणि तीन ब्राँझ. पाचही एकाहून अधिक माणसांच्या नावांमध्ये. एकट्याच्या नावेत एकही नाही. क्वाड्रपल स्कल्सच्या ब्राँझमध्ये सुखमीत सिंग होता, पालेमबांगचाच सुखमीत, बाकी तिघं नवे. ब्रझाकसारखंच : जोडीदार बदलले तरी हात जुळले. त्याच खेळांत अर्जुन सिंग आणि सुनील सिंग सलाम यांनी दोघांच्या कॅनोत 1000 मीटरचं ब्राँझ जिंकलं. या प्रकारात भारताला यापूर्वी 1994 ला हिरोशिमात पदक मिळालं होतं. सुनील मणिपूरचा, लोकटाक तळ्याच्या काठचा, मासेमार घरातला. या सभागृहात या नावांतलं एखादं तरी नाव आधी ऐकलेले हात वर करा, असं म्हणणार होतो. पण पाहुण्यानं यजमानांची परीक्षा घेऊ नये.

आता तुमच्या मनात एक वाक्य तयार झालं असेल, ते मला ओळखू येतं. ‘आमची पोरं लहानपणापासून डोंग्यात बसतात, त्यांना संधी मिळाली तर ऑलिंपिक दूर नाही.’ हे वाक्य व्यासपीठावरून म्हटलं की टाळ्या मिळतात. मी ते म्हणणार नाही. डोंगा आणि कयाक यांच्यात पाण्याखेरीज फारसं काही सारखं नाही. शर्यतीच्या नावेला संथ आणि सरळ पाणी लागतं. इंद्रावती पावसाळ्यात तुम्हाला काठावरही उभं राहू देत नाही आणि उन्हाळ्यात तिच्यातले खडक वर येतात. दत्तू तळेगाव रोहीत वल्हं मारायला शिकला नाही, पुण्यात सैन्याच्या रोइंग केंद्रात शिकला. तिथं पाणी होतं, नाव होती, प्रशिक्षक होता, पोटभर जेवण होतं आणि महिन्याचा पगार होता. हा क्रम उलटा करता येत नाही.

पण अशक्य आहे असंही नाही. 2018 च्याच मे महिन्यात चंद्रपूर जिल्ह्यातल्या आश्रमशाळांचे पाच विद्यार्थी एव्हरेस्टवर पोचले. आदिवासी विकास विभागाची ‘मिशन शौर्य’ ही योजना. डोंगर चढायची सवय होती म्हणून ते पोचले, असं कुणी म्हणू नये. आधी त्यांची निवड झाली, मग महिनोन् महिने प्रशिक्षण झालं, मग ते चढले. आणि या मोहिमेसाठी निघालेले सगळे शिखरापर्यंत गेले नाहीत. जे खाली राहिले त्यांचीही तीच तयारी झाली होती. त्यांचे सत्कार किती झाले, मला दिसले नाहीत.

तेव्हा इथं ऑलिंपिकचं बोलण्याआधी एक साधी गोष्ट. 2024 च्या जानेवारीत आपल्याच जिल्ह्यात, गणपूरजवळ वैनगंगेत, मिरची तोडायला निघालेल्या बायांची नाव उलटली. सहा जणी गेल्या. ती नदी त्यांच्या रोजच्या पायाखालची होती. नदीकाठी वाढलेल्या माणसाला पोहता येतंच, हा आपला गैरसमज आहे. बायांच्या बाबतीत तर फारच मोठा. प्रत्येक डोंग्यात बसणाऱ्याच्या अंगात लाइफ जॅकेट असावं, आणि आश्रमशाळेतल्या प्रत्येक मुलीला पोहता यावं, ही मागणी कुठल्याही खेळाच्या आधीची. नेतेमंडळी समोरच बसली आहेत, म्हणून मुद्दाम मोठ्यानं बोललो.

त्यानंतर खेळ. त्यासाठी जिल्ह्यातलं एखादं धरणाचं संथ पाणी शोधावं लागेल, भामरागडच्या संगमाच्या नादी लागून चालणार नाही. आणि तिथं पहिली नाव आणायची झाली तर माझा आग्रह राहील की ती एकट्याची नसावी. एकट्याची शर्यतीची नाव फार अरुंद असते आणि नवशिका तिच्यात पहिले कित्येक दिवस फक्त पाण्यात पडत राहतो. दोघांची नाव थोडी सावरून घेते. शिवाय नाशिकला, पुण्याला, भोपाळला निवडीसाठी जाताना इथलं एक मूल एकटं जातं, हॉस्टेलात त्याची भाषा बोलणारं कुणी नसतं आणि पंधरा दिवसांत ते परत येतं. असं किती मुलांचं झालं हे इथल्या शिक्षकांना माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक आहे. दोघं गेले तर निदान रात्री बोलायला माडियात कुणीतरी असेल.

त्यावर क्रीडा अधिकारी म्हणतील की निवड व्यक्तीची होते, जोडीची नाही. चाचणीत जो वेगवान तो पुढे, दुसरा घरी. नियम तसेच आहेत, मान्य. पण दोघांच्या नावेची चाचणी दोघांना एका नावेत बसवूनच घेता येते. कोण कुणाबरोबर जुळतो हे स्टॉपवॉच धरून दोघंदोघं अदलाबदल करून पाहता येतं, आणि अशा अदलाबदलीत एकट्याच्या चाचणीत मागे पडलेलं मूल नाव पळवताना दिसतं, हे अनेक देशांतले प्रशिक्षक अनुभवानं जाणतात. तेव्हा पुढच्या वेळी अर्ज मागवाल तेव्हा एका रकान्यात दोन नावं लिहायची सोय ठेवा, एवढंच मागतो. आता मुलांना काही विचारायचं असेल तर विचारू द्या. मोठ्यांचे प्रश्न चहानंतर.